बुजलेल्या तळ्यांवरून जाणारी रिक्षा

शहराचा इतिहास लिहिताना आपण जी साधने प्रमाण मानतो, त्यांत शिलालेख, सनदा, बखरी, प्रवासवृत्ते आणि किल्ल्यांचे अवशेष यांचा समावेश होतो. रस्त्यावरून रोज धावणाऱ्या एखाद्या वाहनाला या यादीत स्थान मिळत नाही. वाहन ही सोयीची वस्तू. तिचा इतिहास फार तर यंत्रविद्येच्या अभ्यासकाने लिहावा, अशी आपली समजूत असते. परंतु शहराशी माणसाचा दैनंदिन संबंध ज्या गोष्टींतून येतो, त्यांत वाहनाचा वाटा मोठा असतो, आणि त्या वाहनाची वाट जिथे अडते तिथे शहराच्या इतिहासातील एखादे प्रकरण दडलेले असण्याची शक्यता असते. बेंगळुरू शहरात पावसाळ्यातल्या एखाद्या सायंकाळी रिक्षाने प्रवास करणाऱ्याला याचा प्रत्यय येतो. प्रस्तुत लेखात त्या प्रवासाच्या आधाराने या शहराच्या इतिहासातील एका विस्मृत भागाचा, आणि त्या भागाशी असलेल्या मराठी माणसाच्या नात्याचा, विचार करावयाचा आहे.

प्रारंभ शब्दापासून करणे उचित ठरेल. ‘रिक्षा’ हा शब्द जपानी आहे. ‘जिन-रिकि-शा’ म्हणजे माणसाच्या बळावर चालणारे वाहन. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जपानमध्ये प्रचारात आलेले हे वाहन आशियाभर पसरले, आणि प्रवासात त्याचे नाव झिजत गेले. ‘जिन’ म्हणजे माणूस हे पहिले पद गळाले. बळ आणि वाहन एवढेच उरले. पुढे त्याला यंत्र बसले तेव्हा ‘ऑटो’, म्हणजे स्वयमेव चालणारे, हे उपपद जोडले गेले. महाराष्ट्राने त्यातले ‘ऑटो’ सोडून ‘रिक्षा’ ठेवले. बेंगळुरूने ‘रिक्षा’ सोडून ‘ऑटो’ ठेवले. एका प्रांताच्या शब्दात बळ उरले, दुसऱ्याच्या शब्दात आपोआप चालणे उरले. वाहन चालविणारा माणूस मात्र दोन्ही शब्दांतून निसटला आहे. पुढील विवेचनात त्याच्याकडे वारंवार वळावे लागणार आहे.

या तीनचाकीचा भारतातील उदय महाराष्ट्राशी निगडित आहे. दुसऱ्या महायुद्धानंतर इटलीतील पियाजिओ कारखान्याने प्रथम ‘व्हेस्पा’ ही स्कूटर आणि १९४८ मध्ये तिच्याच धर्तीवर ‘आपे’ ही मालवाहू तीनचाकी काढली. इटालियन भाषेत पहिल्या शब्दाचा अर्थ गांधीलमाशी, तर दुसऱ्याचा मधमाशी. युद्धाने उद्ध्वस्त झालेल्या देशातील लहान व्यापाऱ्यासाठी तयार झालेले हे वाहन भारतात आले ते वेगळ्या हेतूने. स्वातंत्र्यसैनिक आणि उद्योजक नवलमल फिरोदिया यांना माणसाने माणसाला ओढून नेणे अमानुष वाटत होते. त्यांनी तीनचाकीचा पर्याय पुढे केला, आणि मुंबई राज्याचे तत्कालीन गृहमंत्री मोरारजी देसाई यांच्याकडून तिला अनुमती मिळविली. पुढे १९५९ मध्ये बजाज कंपनीला दुचाकी व तीनचाकी वाहने बनविण्याचा सरकारी परवाना मिळाला, आणि पुण्याजवळच्या आकुर्डीतून या गाड्या देशभर जाऊ लागल्या.

बेंगळुरूत ऑटोरिक्षा आली ती १९५० सालाच्या अखेरीस. महापौर एन. केशव अय्यंगार यांनी त्यासाठी पुढाकार घेतला होता. तोवर या शहरात ‘जटका’ नावाची घोडागाडी हे सामान्य माणसाचे वाहन होते. मराठी वाचकाने टांग्याची लहान, बंदिस्त आवृत्ती डोळ्यांसमोर आणावी. काही दशकांत जटके रस्त्यांवरून नाहीसे झाले. पुण्यात ज्या वाहनाने माणसाच्या खांद्यावरचे ओझे उतरविले, त्याने बेंगळुरूत घोड्याची जागा घेतली.

आता शहराच्या भूमीकडे वळू. बेंगळुरू समुद्रसपाटीपासून सुमारे नऊशे मीटर उंचीच्या पठारावर वसले आहे, आणि त्याला नदी नाही. भारतातील मोठ्या शहरांच्या संदर्भात ही गोष्ट अपवादात्मक म्हटली पाहिजे. शहर एका जलविभाजकावर उभे आहे. पश्चिमेकडे उतरणारे पाणी वृषभावती आणि अर्कावती यांच्या मार्गाने कावेरीला मिळते. पूर्वेकडे हेब्बाळ आणि कोरमंगला-चल्लघट्टा या खोऱ्यांतून उतरणारे पाणी दक्षिण पिनाकिनीकडे जाते. नदी नसलेल्या गावाला पाणी साठवूनच जगावे लागते. म्हणून ओढ्याच्या वाटेवर बांध घालून एकाखाली एक अशी तळी बांधण्याची पद्धत येथे रूढ झाली. वरचे तळे भरले की सांडवा ओलांडून पाणी कालव्याने खालच्या तळ्यात जाई. तळ्याला कन्नडमध्ये ‘केरे’ म्हणतात, मोठ्या कालव्याला ‘राजकालुवे’, आणि पाण्याच्या वाटपावर देखरेख करणाऱ्या ग्रामसेवकाला ‘नीरगंटी’. ज्याने १५३७ मध्ये शहर वसविले असे मानले जाते, त्या केंपेगौडाच्या घराण्याकडे धर्मांबुधी, केंपांबुधी, संपंगी अशा तळ्यांचे कर्तृत्व दिले जाते. दोन नावांच्या अखेरीस आलेला ‘अंबुधि’ म्हणजे समुद्र. नदी नसलेल्या गावाने तळ्याला समुद्र म्हणावे, यात त्या पाण्याचे मोल दिसते.

या शहरात मराठ्यांचा प्रवेश झाला तो ही तळी नांदती असताना. १६३८ मध्ये विजापूरच्या आदिलशाहीचा सेनापती रणदुल्लाखान याने केंपेगौडाच्या वंशजाकडून बेंगळुरू घेतले. त्या मोहिमेत असलेल्या शहाजीराजांकडे हा मुलूख जहागिरीदाखल आला आणि बेंगळुरू हे त्यांचे मुख्य ठाणे झाले. जुन्या बखरींतील ‘बेंगरूळ’ ते हेच. शहाजीराजांच्या पदरी असलेल्या जयराम पिंड्ये या कवीचा ‘राधामाधवविलासचंपू’ हा ग्रंथ वि. का. राजवाडे यांनी १९२२ मध्ये प्रसिद्ध केला, आणि या दरबाराचे बहुभाषिक रूप मराठी वाचकांसमोर आले. नाशिककडून आलेला हा कवी आपल्याला बारा भाषा येतात असे सांगतो, आणि निरनिराळ्या भाषांत रचना करणाऱ्या कवींनी गजबजलेली सभा आपल्यापुढे उभी करतो. १६६४ मध्ये होदिगेरे येथे शहाजीराजांचा मृत्यू झाला. व्यंकोजीराजे तंजावरास स्थिरावले. १६८७ मध्ये बेंगळुरू तीन लाख रुपयांस म्हैसूरच्या चिक्कदेवराज वडियार यांस देण्याचा व्यवहार ठरत असतानाच मोगल सरदार कासीमखानाने ते ताब्यात घेतले, आणि अखेर ते म्हैसूरकरांकडे गेले.

मराठी इतिहासलेखनात बेंगळुरू येते ते बहुधा या पन्नास वर्षांपुरते. जहागीर कोणाला मिळाली, ठाणे कोणाकडे होते, विक्रीची रक्कम किती, हे प्रश्न आपण विचारतो. सत्तेच्या इतिहासाची ही रीतच आहे. ज्या गावात हा दरबार भरला ते गाव पीत काय होते, दरबारातील घोड्यांना पाणी कोठून येत होते, हा प्रश्न आपण विचारला नाही. त्याचे उत्तर तळ्यांत आहे. शहाजीराजांचे बेंगळुरू म्हणून आपण ज्याचा अभिमानाने उल्लेख करतो, ते शहर तळ्यांचे पाणी पिणारे शहर होते. त्या काळातील वाडे पडले, याची खंत मराठी अभ्यासक व्यक्त करतात. त्याच काळातील तळी बुजली, याची मात्र आपल्या लेखनात नोंद नाही.

तळी बुजण्याचे कारण समजून घेणे आवश्यक आहे, कारण त्यात केवळ लोभ नाही. १८९६ च्या सुमारास हेसरघट्टा येथील जलाशयाचे पाणी नळाने शहरात येऊ लागले. पुढे १९३३ मध्ये तिप्पगोंडनहळ्ळीचे पाणी आले, आणि १९७४ मध्ये सुमारे शंभर किलोमीटर अंतरावरून, शेकडो मीटर उंच चढवून, कावेरीचे पाणी आणले गेले. नळाने पाणी येऊ लागताच तळ्याचे प्रयोजन संपले असे लोकांना वाटू लागले. ज्या पाण्यावर कोणाचे जगणे अवलंबून नाही, त्याची निगा कोणी राखत नाही. गाळ साचला, सांडपाणी मिसळले, डासांची आणि रोगराईची भीती वाढली. तळे ही संपत्ती न राहता उपद्रव ठरले. मग त्याची जमीन झाली. नगररचनाकारांच्या नकाशावर ती मोकळी जागा होती. पाण्याच्या हिशेबी मात्र ती मोकळी कधीच नव्हती. पाऊस पडला की पाणी उताराने तिथेच येणार, हा नियम कोणत्याही ठरावाने रद्द होत नाही.

हे सारे पाहण्यासाठी रेल्वे स्थानकासमोरच्या मॅजेस्टिकपासून कोरमंगलेपर्यंतचा रिक्षाप्रवास पुरेसा आहे. येथला पाऊस कोकणातल्यासारखा दिवसरात्र झोडपणारा नसतो. तो नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यांचाही असतो आणि ईशान्य मोसमी वाऱ्यांचाही. त्याआधी एप्रिल-मे महिन्यांत वळवाच्या सरी असतात. सर्वाधिक पाऊस सप्टेंबरात. दिवसभर ऊन, दुपारनंतर ढग आणि कचेऱ्या सुटण्याच्या वेळी कोसळणारी सर, असा त्याचा क्रम पुष्कळदा असतो. अशा वेळी मॅजेस्टिकच्या बसस्थानकाबाहेर उभ्या असलेल्या प्रवाशाच्या पायाखाली धर्मांबुधी तळ्याचा तळ असतो. मॅजेस्टिक हे नाव एका चित्रपटगृहाचे. तळ्याचे नाव लोकांच्या तोंडून गेले. तरी शेजारच्या एका रस्त्याला ‘टँक बंड रोड’ म्हणतात. बांध रस्त्याच्या नावात राहिला आहे.

रिक्षाचे दोन्ही बाजूंचे रेक्झिनचे पडदे खाली सोडले जातात, काचेवरची काडी फिरू लागते, आणि वाहन केंपेगौडा रस्त्याने हडसन सर्कलकडे सरकते. पुढे कंठीरव क्रीडांगण लागते. ते संपंगी तळ्याच्या जागी उभे आहे. तळे गेले, परंतु शहराच्या करगा उत्सवाचा विधी त्या पाण्याशी बांधलेला असल्यामुळे क्रीडांगणाच्या कडेला एक लहानसे कुंड राखावे लागले. धर्मरायाच्या देवळातून निघणाऱ्या या उत्सवाचे मानकरी तिगळ समाजाचे लोक. मूळचे ते मळेकरी, म्हणजे तळ्याच्या पाण्यावर भाजीपाला पिकविणारे. नगररचनेने पुसलेले पाणी धर्मविधीने ओंजळभर का होईना जपले, याची नोंद सांस्कृतिक इतिहासकाराने घ्यावी. तिथून शांतीनगरच्या बाजूने जाताना हॉकीचे क्रीडांगण लागते. तेही अक्कितिम्मनहळ्ळीच्या तळ्यावर उभारलेले. थोडे आडबाजूला फुटबॉलचे क्रीडांगण आहे. ते शूळे तळ्याच्या जागी. आणि कोरमंगलेत १९९७ च्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धांसाठी जे क्रीडाग्राम बांधले गेले, तेही तळ्याच्या पात्रातच.

हा मार्ग आणखी एका कारणाने लक्षणीय आहे. मॅजेस्टिकच्या परिसरातून निघणारा एक राजकालुवे बाजारपेठेच्या भागातून शांतीनगर, कोरमंगला असा सुमारे बारा किलोमीटर वाहत बेळ्ळंदूर तळ्याला मिळतो. महापालिकेच्या दफ्तरात त्याला ‘के-१००’ असा क्रमांक आहे. एके काळचा हा जलमार्ग दीर्घकाळ उघडे गटार बनून राहिला होता. अलीकडच्या वर्षांत त्याच्या पुनरुज्जीवनाचे काम हाती घेण्यात आले. रिक्षा आणि पाणी यांची दिशा येथे जवळजवळ एकच असते. कोरमंगलेकडे निघालेला प्रवासी नकळत पाण्याच्या जुन्या वाटेच्या सोबतीने जात असतो, आणि म्हणूनच वाटेत पाण्याशी त्याची गाठ पडते.

एका सप्टेंबरात मी या मार्गाने जात असता रिक्षाचालकाने कोरमंगलेजवळ नेहमीचा रस्ता सोडून लांबचा रस्ता धरला. कारण विचारल्यावर तो दख्खनी उर्दू आणि कन्नड यांच्या मिश्रणात म्हणाला, तिकडे केरे आहे. तिकडे घरे होती, दुकाने होती. तळे नाहीसे होऊन बरीच वर्षे लोटली होती. त्याने वर्तमानकाळ वापरला होता. व्याकरणदृष्ट्या ते चूक ठरवता येईल, परंतु त्या रात्री त्या रस्त्याविषयी याहून अचूक विधान दुसरे नव्हते.

रिक्षाचालकाचे हे ज्ञान हौसेचे नाही. रिक्षा बुटकी असते. तिची चाके लहान. गुडघाभर पाण्यातून ती गेली की सायलेन्सरमधून पाणी शिरते, प्लग भिजतो, इंजिन बंद पडते. प्रवासी पैसे देऊन किंवा न देता उतरून जातो. चालक मात्र गाडी ढकलत कडेला नेतो. त्या रात्रीची कमाई जाते आणि दुसऱ्या दिवशीचा काही भाग मेकॅनिककडे जातो. पावसात रिक्षावाले नाही म्हणतात, दुप्पट पैसे मागतात, ही तक्रार बेंगळुरूत जुनी आहे आणि ती निराधार नाही. अडलेल्या माणसाची अडवणूक अनेकांनी अनुभवली आहे. तथापि तक्रारीमागचे गणितही समजून घेतले पाहिजे. मीटर मुख्यतः अंतर मोजते. १ ऑगस्ट २०२५ पासून लागू झालेल्या दरानुसार पहिल्या दोन किलोमीटरना ३६ रुपये आणि पुढे प्रत्येक किलोमीटरला १८ रुपये असे भाडे आहे. तुंबलेल्या रस्त्यावर मात्र अंतर खर्च होत नाही, वेळ खर्च होतो. पंधरा मिनिटांच्या वाटेला दीड तास लागला तर त्याची किंमत कोणी द्यायची, हा प्रश्न त्या पडद्याआड रोज नव्याने निघतो आणि घासाघीस करून कसाबसा मिटतो. मुळात हा वाद दोघांपैकी कोणी निर्माण केलेला नाही. तळे बुजविण्याचा निर्णय ज्या पिढीने आणि ज्या यंत्रणेने घेतला, तिचा दोष मागच्या आसनावरचा आणि पुढच्या आसनावरचा अशी दोन माणसे एकमेकांच्या माथी मारीत असतात.

ही किंमत सदैव रुपयांतच मोजली जाते असेही नाही. सप्टेंबर २०२२ मध्ये बेळ्ळंदूरच्या आसपासचा बाह्य वर्तुळमार्ग पाण्याखाली गेला, तेव्हा संगणक उद्योगात काम करणाऱ्या सुस्थित लोकांना ट्रॅक्टरमधून कचेरीत जावे लागले आणि जगभर त्याची चित्रे झळकली. २१ मे २०२३ रोजी के. आर. सर्कलजवळच्या भुयारी मार्गात साचलेल्या पाण्यात मोटार अडकून एका तरुणीचा मृत्यू झाला. कोणती गल्ली भरते, कोणता पूल चुकवावा, हे ज्ञान तासन्‌तास रस्त्यावर असणाऱ्यांजवळ असते. परंतु ते लिहिले जात नाही, शिकविले जात नाही, आणि नियोजनाच्या बैठकीत त्याला विचारले जात नाही. पूर्वी नीरगंटीला ते विचारले जाई. गावाच्या पाण्याची वाट ज्याला तोंडपाठ असे, त्याला समाजाने पद आणि मान दिला होता. आज ती वाट ज्याला तोंडपाठ आहे, त्याला आपण केवळ भाडे विचारतो.

आता भाषेकडे येऊ. बेंगळुरूत प्रवासी रिक्षाजवळ जाऊन ‘बर्तीरा?’ असे विचारतो. ‘येता का?’ असा त्याचा अर्थ. उत्तर कन्नड, तमिळ, तेलुगू, दख्खनी, क्वचित हिंदी किंवा मराठी यांपैकी कोणत्याही भाषेत येऊ शकते. एका सायंकाळच्या फेऱ्यांत एकच चालक चार-पाच भाषांत व्यवहार करतो. जयराम पिंड्ये याच्या बारा भाषांचे आपल्याला कौतुक वाटते, कारण त्या दरबारात बोलल्या गेल्या आणि ग्रंथात नोंदल्या गेल्या. याच शहरातील चालकाची बहुभाषिकता मात्र आपल्याला अशिक्षिताची सरमिसळ वाटते. दोन्हींचे मूळ एकच आहे. निरनिराळ्या मुलखांतून आलेली माणसे एकत्र राहू लागली की परस्परांच्या भाषा शिकल्याशिवाय गत्यंतर नसते. अलीकडे याच आसनांवरून भाषेचे कलह झाल्याच्या वार्ता येतात, तेव्हा हा जुना शिरस्ता आठवावा. अनेक भाषा जाणणाऱ्या माणसाची अपेक्षा एवढीच असते की समोरच्याने निदान त्याच्या भाषेचा मान राखावा.

या शहरातील असंख्य रिक्षांवर आणि रिक्षाथांब्यांवर शंकर नाग यांचे चित्र दिसते. १९८० मध्ये आलेल्या ‘ऑटो राजा’ या कन्नड चित्रपटात त्यांनी रिक्षाचालकाची भूमिका केली, आणि ३० सप्टेंबर १९९० रोजी दावणगेरेजवळ झालेल्या अपघाती मृत्यूनंतरही चालकांनी त्यांना आपला माणूस मानणे सोडले नाही. उत्तर कन्नड जिल्ह्यातील होन्नावर भागात जन्मलेल्या कोंकणीभाषक कुटुंबातील या कलावंताची घडण मुंबईच्या मराठी रंगभूमीवर झाली, आणि ‘२२ जून १८९७’ या मराठी चित्रपटाच्या पटकथेत त्यांचा सहभाग होता. डिसेंबर १९५० मध्ये बेंगळुरूतील एका मराठी कुटुंबात जन्मलेले शिवाजीराव गायकवाड या शहरात बस कंडक्टर होते. पुढे रजनीकांत या नावाने ते तमिळ प्रेक्षकांचे दैवत झाले, आणि १९९५ मधील ‘बाशा’त त्यांनीही रिक्षाचालक साकार केला. मराठीतून आलेले काहीतरी कन्नडला, तमिळला मिळाले आणि तिथले होऊन गेले. कोणी त्यावर हक्क सांगितला नाही, म्हणूनच ते टिकले.

मराठी माणसाच्या बेंगळुरूशी असलेल्या नात्याचा विचार याच दृष्टीने व्हावा असे वाटते. जहागिरीचा इतिहास १६८७ मध्ये संपला आणि त्यावर आज कोणाचाही दावा उभा राहत नाही. ये-जा करणाऱ्यांचा इतिहास मात्र अखंड आहे: नाशिककडचा कवी, पुण्याची तीनचाकी, मुंबईच्या रंगभूमीवरून आलेला नट, कामधंद्यासाठी आलेली कुटुंबे. ज्याच्या पाण्यावर आपण पन्नास वर्षे राज्य केले, त्या गावाच्या तळ्यांची नावे तरी आपल्या इतिहासग्रंथांत असावीत. धर्मांबुधी, संपंगी, अक्कितिम्मनहळ्ळी, शूळे, कोरमंगला: मराठी विद्यार्थ्याने १६३८ आणि १६८७ या सनांबरोबर ही नावेही पाठ करावीत. पुढे कधी पावसात बेंगळुरूला रिक्षात बसण्याचा प्रसंग आला आणि चालकाने लांबचा रस्ता धरला, तर भाड्यावरून हुज्जत घालण्यापूर्वी खाली कोणते तळे आहे, एवढे त्याला विचारता येईल.